उखळातली बासमती

मुसळाचा आवाज माझ्या ओळखीचा. त्यामुळे सेनेगलच्या राजधानीत, डाकारमध्ये, त्या सकाळी शेजारच्या अंगणातून धप्प, धप्प असं ऐकू आलं तेव्हा काही वेगळं वाटलं नाही. तिथे घरोघरी लाकडी उखळ असतं आणि लसूण-मिरीपासून बाजरीपर्यंत सगळं त्यात पडतं. मी कपडे वाळत घालायला गच्चीवर गेले होते. कठड्यावर चादर टाकता टाकता सहज खाली पाहिलं. माम ठेंगण्या स्टुलावर बसली होती. पायांच्या बेचक्यात लहान उखळ, आणि बाजूला फरशीवर उघडी पडलेली एक पिशवी. पिशवीवरचं हिरवं-सोनेरी चित्र मला वरूनही ओळखता आलं, कारण आठच दिवसांपूर्वी मी ती स्वतः तिच्या हातात ठेवली होती. पनवेलहून निघून, दोन विमानं बदलून, साड्यांच्या घड्यांत जपत आणलेली पाच किलो जुनी बासमती. माम त्यातली ओंजळभर उखळात टाकायची, पाच-सात हलके घाव घालायची, मग पसरट टोपलीत काढून बोटांनी चिवडून बघायची.

दाणा मोडला की नाही, ते बघत होती.

मी खाली गेले नाही. चादर अर्धी लोंबत राहिली आणि मी घरात येऊन बसले. राग आला असं म्हणता येणार नाही, पण घशाशी काहीतरी अडकलं. आपल्याकडे पाहुण्याला, वडीलधाऱ्याला द्यायचा तांदूळ म्हणजे लांबसडक, अखंड. अक्षतासुद्धा न मोडलेल्या दाण्यांच्याच. तो शब्दच तसा आहे. आणि ही बाई तो तांदूळ कण्या होईपर्यंत कुटत होती. ती गोष्ट आजवर मी दोघातिघांना सांगितली असेल, पण प्रत्येक वेळी अर्धीच. आज सगळी लिहून काढते.

माम म्हणजे वोलोफ भाषेत आजी किंवा आजोबा, दोघांना तोच शब्द. ती आमच्या शेजारणीची सासू. नवऱ्याच्या नोकरीमुळे २०२१ च्या पावसाळ्यात आम्ही डाकारच्या वाकाम भागात राहायला गेलो, तेव्हा मला फ्रेंच बेताचं येत होतं आणि वोलोफ मुळीच नाही. पहिले काही महिने घरी तिच्याविषयी बोलताना मी ‘त्या’ म्हणत असे. ‘त्या’ची ‘ती’ कधी झाली ते कळलं नाही, पण सुरुवात बहुधा त्या दुपारी झाली जेव्हा मी भाजी घेऊन त्यांच्या फाटकावरून चालले होते आणि आतून हाक आली, ‘काय लेक!’ मी जागच्या जागी थांबले. इतक्या लांब, अटलांटिकच्या काठावर, मला लेक म्हणून कोण हाक मारतंय? वोलोफमध्ये ‘काय’ म्हणजे ये आणि ‘लेक’ म्हणजे खा. घरात जेवण चाललेलं असताना दारावरून कुणीही गेलं, ओळखीचं असो वा नसो, तर ही हाक घालायची असते. हे मला नंतर समजलं. समजल्यावरही माझ्या कानाला ती हाक मराठीच ऐकू येत राहिली.

त्या दिवशी चटईवर मला जागा करून दिली गेली. मध्ये मोठं थोरलं, कडेला निळी नक्षी असलेलं कल्हईसारखं चकाकणारं भांडं, आणि भोवती आठ-नऊ माणसं, एक गुडघा उभा करून बसलेली. भांड्यात तांबूस भात पसरलेला, त्यावर मध्यभागी मासा, आणि भोवती कोबीचा अर्धा गड्डा, गाजर, रताळं, कसावाचे तुकडे, भोपळा, वांगं, जखातू नावाचं कडसर हिरवट वांगं. हेच ते चेबुजेन. चेब म्हणजे भात, जेन म्हणजे मासा. नावात एवढंच आहे, आपल्या ‘वरण-भात’ इतकं साधं. जेवताना प्रत्येकाने आपल्यासमोरचा पंख्याच्या आकाराचा भाग तेवढा खायचा. मधल्या माशाला हात लावायचा नाही, शेजाऱ्याच्या हद्दीत जायचं नाही, नजर खाली ठेवायची. लहान मुलाने डाव्या हाताची बोटं भांड्याच्या काठावर टेकवून भांडं धरून बसायचं. मासा मोडून द्यायचं काम घरच्या बाईचं. माम बोटांनी मासा सोडवायची, काटे बाजूला करायची आणि न बोलता तुकडे एकेकाच्या पुढ्यात टाकायची. गाजराचा तुकडा इकडे, कसावा तिकडे, मिरचीचा जरासा चुरा ज्याला हवा त्यालाच. मी वर पाहिलं की माझ्यासमोर माशाचा आणखी एक तुकडा आलेला असायचा. माझी आजी पंगतीत वाढताना जशी मागून यायची, तसंच. फक्त इथे पंगत गोल होती आणि पान एकच.

पुढे मी तिच्या स्वयंपाकघरात जायला लागले. स्वयंपाकघर म्हणजे अंगणातला आडोसा, जमिनीवर गॅसची शेगडी आणि तिच्यावर काळंकुट्ट जाड बुडाचं पातेलं. सकाळी दहाला सुरुवात झाली की जेवण दोनच्या पुढे. आधी रोफ: कोथिंबिरीच्या कुळातली ती कुरळी पार्सली, लसूण, पातीचा कांदा, मिरी, मीठ आणि मिरची, सगळं उखळात. माशाच्या जाड तुकड्यांना बोटाने भोकं पाडून हा हिरवा गोळा आत खोल दडपायचा. मासा खरा तर चोफ हवा; आपल्या हेकरूच्या जातीचा, पांढऱ्या घट्ट मांसाचा, समारंभाचा मासा. मग शेंगदाण्याचं तेल, कांदा, आणि टोमॅटोचा घट्ट लगदा. हा लगदा ती इतका वेळ परतायची की लालाचा विटकरी व्हायचा आणि तेल कडेने सुटायचं. मग पाणी, मासे, भाज्या. आणि शेवटी कागदात गुंडाळलेल्या दोन वस्तू, ज्यांच्या वासाने माझा नवरा खिडक्या लावून घ्यायचा. एक गेज, म्हणजे आंबवून वाळवलेला मासा, आणि दुसरं येट, मोठ्या समुद्री शंखातल्या गोगलगायीचं मुरवलेलं मांस. मला त्या वासाने एकदम अलिबागच्या बाजारात नेऊन सोडलं. सुक्या बोंबलांच्या आणि जवळ्याच्या राशी, ओली गोणपाटं. ज्यांच्या घरात सुकट शिजते त्यांना येट परका वाटत नाही.

चिंचेचा कोळही घालतात. चिंचेला वोलोफमध्ये दखार म्हणतात, आणि डाकार हे नाव त्यावरूनच पडलं असं तिथले बरेच लोक सांगतात. चिंच मूळची आफ्रिकेची, बाजरी आणि चवळीही तिकडूनच हजारो वर्षांपूर्वी आपल्याकडे आलेल्या. आपण संक्रांतीला तीळ लावून बाजरीची भाकरी थापतो तेव्हा हे कुणाच्या मनात येत नाही, माझ्याही आलं नव्हतं. चेबुजेनबरोबर एका वाटीत बिसापच्या पाल्याची आंबट, बुळबुळीत चटणी असते. बिसाप ही आपल्या अंबाडीची सख्खी बहीण. ती चाखली आणि मला आजीच्या अंबाडीच्या भाजीची आठवण आली, आणि त्या भाजीत आजी काय घालायची तेही आठवलं. कण्या. तांदळाच्या कण्या.

कारण चेबुजेनचा भातही कण्यांचाच असतो.

हे मला पहिल्या दिवशी कळलं नव्हतं. वाटलं होतं भात मोडला असेल. मग एकदा माम तांदूळ निवडत होती तेव्हा पाहिलं. रव्यापेक्षा मोठ्या, दाण्यापेक्षा लहान, एकसारख्या कण्या. पन्नास किलोच्या पोत्यावर फ्रेंचमध्ये लिहिलेलं ‘मोडका तांदूळ’, आणि खाली, भारत. कण्या धुऊन ती चाळणीत घालायची, चाळणी उकळत्या रश्श्यावर बसवायची, फटीला ओल्या फडक्याची पट्टी गुंडाळायची, म्हणजे वाफ सुटणार नाही. अर्धवट वाफवलेल्या कण्या मग त्या लाल रश्श्यात सोडायच्या आणि झाकण घालून आच अगदी मंद करायची. आणि मग ऐकायचं. माम खरोखर कान देऊन बसायची. आधी बुडबुड असते, मग ती बसत जाते, मग नुसती सुरसुर, आणि शेवटी तळाशी बारीक तडतड सुरू होते. ती तडतड म्हणजे खोन्य धरायला लागलं. खोन्य म्हणजे भांड्याच्या बुडाला लागलेली, करपायच्या एक पाऊल आधीची, कुरकुरीत, तेलकट खरवड. ती खरवडून वेगळी वाढतात आणि तिच्यासाठी पोरं भांडतात. दोन्ही भाषांत तो शब्द ख ने सुरू होतो, उलथनं पातेल्याच्या बुडाला घासल्यासारखा.

आता आजीचं सांगते. आजीचं माहेर चरीच्या बाजूचं, अलिबाग तालुक्यातलं. तिच्या लहानपणी तिचे वडील कूळ होते, जमीन खोताची. भात झोडून झालं की खंड घालायचा, उरलेल्यातला अख्खा तांदूळ विकून मीठ-कपडा आणायचा, आणि घरात राहायच्या त्या कण्या नि कोंडा. १९३३ साली नारायण नागू पाटलांच्या पुढाकाराने शेतकऱ्यांनी संप केला. खोताची जमीन पेरायचीच नाही. तो संप १९३९ पर्यंत चालला. सहा पावसाळे शेतं मोकळी राहिली. आजी तेव्हा पाच वर्षांची होती आणि संप संपला तेव्हा अकराची. आई डोंगरातून लाकडाच्या मोळ्या आणून विकायची, खाडीत मिळेल ते धरायचं, आणि कुठून तरी पायलीभर कण्या आल्या तर त्यांची पातळ पेज. आजी हे फार सांगत नसे. पण एवढं नक्की म्हणायची की त्या सहा वर्षांत तिने अख्खा शीत पाहिला नाही.

मोठेपणी तिच्या घरी भरपूर भात पिकला. गिरणीतून तांदूळ आला की ती चाळण घेऊन बसायची आणि कण्या वेगळ्या काढायची. त्या कोंबड्यांना जायच्या. वैशाखात सांदणं, श्रावणात खांडवी आणि पावसाळ्यात अंबाडीची भाजी, एवढ्या तीन ठिकाणी कण्यांना घरात मान होता. ताटात भात म्हणून मात्र कधी नाही. दात गेले तेव्हा आई म्हणाली, कण्यांचा मऊ भात करून देते. आजीने मान हलवली. ‘पेज कर, पण अख्ख्याची कर.’ कीर्तनात विदुराघरच्या कण्यांची गोष्ट आली की बाकीच्या बायका डोळे पुसायच्या. आजी मात्र गप्प बसायची. देवाने त्या आवडीने खाल्ल्या हे तिला पटत असावं. पण त्या वाढताना विदुराच्या बायकोला काय वाटलं असेल, हे तिच्याइतकं त्या देवळात कुणाला ठाऊक नसावं.

हे सगळं माझ्या बरोबर होतं, मी बासमती घेऊन गेले तेव्हा.

ती नेण्याचं कारणही सांगायला हवं. २०२२ च्या सप्टेंबरमध्ये भारताने कण्यांची निर्यात बंद केली. त्या वर्षी पूर्वेकडच्या भातपट्ट्यात पाऊस ओढ देऊन राहिला होता, भाताची लावणी कमी झाली होती, आणि देशात कोंबड्यांच्या खाद्याला आणि इथेनॉलला कण्या कमी पडत होत्या. मी ती बातमी मोबाइलवर वाचली आणि पुढे सरकवली. आठवड्याभरात कोपऱ्यावरचा दुकानदार मला थांबवून म्हणाला, ‘मादाम, तुमच्या लोकांनी आमचा तांदूळ का बंद केला?’ पोत्याचा भाव चढला होता. शेजारीण थायलंडच्या कण्या आणायला लागली, त्या मामला पटेनात. जास्त चिकट होतात म्हणायची. मामने मला एका शब्दाने विचारलं नाही. पण मला तिच्या अंगणात जाताना अवघडल्यासारखं व्हायचं. ज्या कण्या आमच्या आजीने कोंबड्यांना टाकल्या त्यांच्यासाठी इथे माणसं खोळंबली होती, आणि आता तिकडे कोंबड्यांसाठी म्हणून माणसांच्या कण्या थांबल्या होत्या. पुढे सरकारने काही देशांना त्यांच्या विनंतीवरून सूट दिली, त्यात सेनेगल होता. बंदी पूर्ण उठली ती २०२५ च्या मार्चमध्ये. पण २०२२ च्या डिसेंबरात मी सुट्टीला घरी आले तेव्हा मनात एकच होतं, मामसाठी तांदूळ न्यायचा. आणि तांदूळ न्यायचा तर कण्या कशा नेणार? वडीलधाऱ्या बाईला कण्या द्यायच्या? दुकानातली सगळ्यांत चांगली बासमती घेतली.

आणि ती उखळात गेली.

त्यानंतर तीन आठवडे मी जेवायला गेले नाही. बरं नाही, काम आहे, असं काहीतरी सांगत राहिले. मग फेब्रुवारीत त्यांच्याकडे कुणाचं तरी बारसं निघालं, न्दारला, आणि शेजारीण मला घेऊनच गेली. न्दार म्हणजे सेंट लुई. डाकारहून सुमारे २६० किलोमीटर उत्तरेला, सेनेगल नदीच्या मुखाशी. माम तिथली. नदीतल्या लांबट बेटावर जुनं फ्रेंच गाव आहे, लाकडी सज्जे, उडालेले पिवळे-गुलाबी रंग; १८९७ चा लोखंडी पूल ओलांडून तिथे जायचं. २००० साली ते गाव जागतिक वारशाच्या यादीत आलं. पण मामचं घर बेटावर नव्हतं. ते पलीकडे, नदी आणि समुद्र यांच्या मधल्या वाळूच्या चिंचोळ्या पट्टीवर, गेट न्दारमध्ये. कोळीवाडा. रंगवलेल्या लांबच लांब होड्या, वाळत घातलेली जाळी, शेळ्या, पोरं, आणि वाऱ्यावर सतत मासळीचा वास. मामची आई तिथे मासे वाळवून विकायची. समुद्र दरवर्षी घरं खातो आहे. २००३ मध्ये पुराचं पाणी काढायला त्या पट्टीतून अवघ्या चार मीटरचा चर खणला होता; समुद्राने तो रुंद करत कित्येक किलोमीटरचा केला. ज्या भिंतीपाशी मामचं लग्न झालं, ती आता पाण्यात कुठे असेल हे तिने बोटाने दाखवलं, आणि मग बोट खाली घेऊन बराच वेळ तिकडेच पाहत राहिली.

त्या बारशात मला एक निवृत्त शाळामास्तर भेटले. मी भारतातून आले म्हटल्यावर तेच कण्यांवर आले. तांदूळ पश्चिम आफ्रिकेला नवा नव्हे, ते म्हणाले. नायजर नदीच्या खोऱ्यात आफ्रिकेचा स्वतःचा तांदूळ तीन हजार वर्षांपासून आहे, आणि दक्षिणेला कासामान्समधले जोला लोक खाजणात बांध घालून तो पिकवतात. तिथल्या भागातून गुलाम करून नेलेल्या माणसांनी ती विद्या अमेरिकेत कॅरोलायनापर्यंत नेली. पण या उत्तरेकडच्या लोकांचं रोजचं अन्न बाजरी. फ्रेंचांना इथे भुईमूग हवा होता, तेलासाठी. जमीन आणि हात भुईमुगाला लागले तर लोकांनी खायचं काय? पलीकडे इंडोचायनाही त्यांच्याच ताब्यात. सायगावच्या गिरण्यांत अख्खा तांदूळ चांगल्या बाजारांना जायचा आणि खाली कण्या उरायच्या. त्या स्वस्त कण्या जहाजांनी इकडे आल्या. मास्तर हे अगदी शांतपणे सांगत होते, वर्गात सांगितल्यासारखं. अख्खा तिकडे, मोडका इकडे. मला एकदम खोताचं खळं दिसलं.

आणि याच गावात, एकोणिसाव्या शतकात, पेंदा म्बाय नावाच्या स्वयंपाकिणीने मासा, भाज्या, टोमॅटो आणि तांदूळ एका पातेल्यात आणले, असं सांगतात. आजही लाल चेबुजेनला तिचं नाव लावतात. ती नेमकी कोण, कुणाच्या घरी रांधायची, याच्या गोष्टी घरागणिक बदलतात, आणि न्दारमध्ये प्रत्येक घर आपलीच खरी मानतं. जोलोफ राईस म्हणून जो भात नायजेरिया आणि घाना आपापला म्हणून मिरवतात, त्याच्या नावातला जोलोफ म्हणजे वोलोफांचं जुनं राज्य. २०२१ च्या डिसेंबरात युनेस्कोने चेबुजेनची मानवी वारशाच्या यादीत नोंद केली त्या दिवशी आम्ही वाकामच्या अंगणात टीव्हीसमोर होतो. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मामने दोन्ही हात वर करून काहीतरी पुटपुटलं. शेजारणीने मला अर्थ सांगितला, ‘ती तिच्या आईचं नाव घेते आहे.’

बारशाच्या दुपारी स्वयंपाक अंगणात मांडला होता. पातेली इतकी मोठी की ढवळायला वल्ह्याएवढी उलथनी. चोफ तिथेही मिळाला नाही. चांगला मासा परदेशात जातो आणि उरलेल्याचा भाव कोळ्यालाही परवडत नाही. याबोय घातला होता, आपल्या तारलीसारखा, काटेरी आणि तेलकट. माम एका कोपऱ्यात फोन घेऊन बसली होती. पडद्यावर तिचा नातू. तो स्पेनमध्ये, अल्मेरियाजवळ प्लास्टिकच्या शेतघरांमध्ये टोमॅटो तोडतो. होडीने गेला होता, याच किनाऱ्यावरून. समुद्रात किती दिवस काढले ते मी कधी विचारलं नाही, आणि त्या घरातही कुणी बोलत नाही. त्याने तिकडे गॅसवर पातेलं ठेवलं होतं. सहा मुलं एका खोलीत राहतात, रविवारी याची पाळी. माम म्हणाली, ‘जवळ धर.’ त्याने फोन पातेल्याजवळ नेला. तिने डोळे मिटले. अंगणातला गोंधळ, ढोल, बकऱ्या, सगळ्यातून ती अडीच-तीन हजार किलोमीटरवरच्या एका पातेल्याचा आवाज ऐकत होती. मग तिने त्याला काहीतरी विचारलं, आणि हातांनी कुटल्याची खूण केली. पाच बोटं, मग सात.

मी शेजारणीला विचारलं, काय चाललंय.

‘त्याला तिथे अख्खाच तांदूळ मिळतो,’ ती म्हणाली. ‘अख्खा तांदूळ रस्सा पीत नाही, एकटा एकटा राहतो. तो म्हणायचा, माम, तुझ्यासारखं होत नाही. मामने जन्मात कधी तांदूळ मोडला नव्हता, आपण तर मोडकाच आणतो. मग तू तो लांब तांदूळ आणलास ना? म्हणाली, आता मला कळेल. किती घाव घालायचे म्हणजे कणी होते आणि पीठ होत नाही. चार दिवस कुटत होती. मग त्याला सांगितलं, ओंजळीला पाच ते सात, हलके. तुला किती दुवा दिल्या तिने!’

मी काहीच बोलले नाही. तिथून उठून वाळूकडे गेले आणि होड्यांच्या आडोशाला उभी राहिले. लाजही होती, पण एवढीच नव्हती. आजी आठवत होती. पाच वर्षांची, चरीला. अख्खा दाणा हा जिचा सगळा मान होता, आणि ज्या मानासाठी मी पाच किलो वजन वाहून नेलं. आणि ही दुसरी, जिला अख्खा दाणा हातात आल्यावर आधी आठवलं की आपल्या पोराच्या पातेल्यात हाच आहे. दोघींना समोरासमोर बसवलं असतं तर? माझी आजी त्या भांड्यात हात घालती का? मला खरंच सांगता येत नाही. मासा खाल्ला असता. भाताकडे बघून, मला वाटतं, तिने विचारलं असतं की एवढ्या चांगल्या घरात कण्या का.

त्या दिवशी खोन्य खरवडल्यावर मामने पहिली वाटी माझ्या हातात दिली. ती वाटी एरवी नातवाची असायची, हे त्या घरात सगळ्यांना माहीत होतं. पोरं पाहत राहिली. मी ती खाल्ली. तळाशी टोमॅटो जळत आलेला, येटचा खारट कडवटपणा, चिंच, तेल. दाताखाली कुरकुर वाजत होती आणि मामचा हात माझ्या पाठीवर होता.

२०२४ मध्ये आम्ही परत आलो. गेल्या महिन्यात मी ठरवलं की आपल्या घरी चेबुजेन करायचं. हेकरू अलिबागला मिळाला, ताजा, डोळे चमकणारा. येटच्या जागी सुकट आणि जराशी सुकी कोळंबी. अंबाडी मिळाली. कण्यांसाठी मात्र तीन दुकानं फिरले. पुड्यांत सगळं अख्खं. शेवटी अलिबाग-पेण रस्त्यावरच्या एका भाताच्या गिरणीत गेले. गिरणीवाला कोंड्याने पांढरा झालेला. म्हटलं, तीन किलो कणी द्या, बारीक नको, मध्यम. त्याने फावडं उचललं आणि विचारलं, ‘कोंबड्यांना का, ताई?’

‘नाही,’ मी म्हटलं. ‘पाहुणे यायचेत.’

पाहुणी म्हणजे माझी आत्या, आजीची धाकटी लेक, आता सत्तरीची. ती ओट्याशी खुर्ची घेऊन बसली आणि मी चाळणीत कण्या धुतल्या तेव्हा न राहवून म्हणाली, ‘आईने या पानात वाढू दिल्या नसत्या हं.’ मी हो म्हटलं. खरंच होतं ते. ती थोडा वेळ गप्प राहिली आणि मग चाळणीत हात घालून कण्या बोटांमधून सोडायला लागली, जशी आजी सोडायची, खडा शोधत. ‘छान आहेत,’ ती म्हणाली. ‘एकसारख्या आहेत.’ फटीला ओलं फडकं तिनेच गुंडाळून दिलं.

कण्या रश्श्यात सोडून झाकण ठेवलं आणि शेजारणीला डाकारला फोन लावला. माम पलीकडे आली. तिला आता नीट दिसत नाही, त्यामुळे व्हिडिओचा उपयोग नव्हता. मी आवाजाचाच कॉल लावला होता. तिने माझी, नवऱ्याची, माझ्या आईची, सगळ्यांची खुशाली विचारली, तिथल्या रीतीप्रमाणे एकापाठोपाठ एक, आणि मग म्हणाली, ‘जवळ धर.’ मी फोन पातेल्याजवळ नेला. आत्या कुतूहलाने खुर्चीतून पुढे वाकली. बुडबुड बसत आली होती, नुसती सुरसुर ऐकू येत होती. मी श्वास धरून उभी. पलीकडे बराच वेळ काहीच आवाज नाही, फक्त लांबवर कुठेतरी मुसळ चाललेलं.

‘अजून नाही,’ माम म्हणाली. ‘थांब.’